टाचणीच्या टोकाने

वाचकहो, घरातल्या वायफाय एक्स्टेंडरच्या बाजूला किंवा बुडाशी टाचणीचे टोक जाईल एवढे एक छिद्र असते. शेजारी इंग्रजीत बारीक अक्षरांत 'रिसेट' असे लिहिलेले असते. चष्मा लावल्याशिवाय ते दिसत नाही. हजार-दोन हजार रुपयांच्या या डबीवरची ही सर्वांत लहान जागा. पण वस्तीत विचारून पाहा, या छिद्राची जेवढी भीती लोक बाळगतात तेवढी विजेच्या उघड्या वायरचीसुद्धा बाळगत नाहीत. "तिथं हात लावू नका, सगळं जाईल," असे जो तो म्हणतो. काय जाईल, हे मात्र कोणी सांगत नाही. हे 'सगळं' म्हणजे नेमके काय आणि ते गेल्याने कोणाचे काय बिघडते, एवढाच या लेखाचा विषय आहे.

आमचे आखाडा बाळापूर हे कळमनुरी तालुक्यातले, नांदेड-हिंगोली रस्त्यावरचे गाव. आता आमच्यासारख्या गावांतही काचेच्या तारेचे, म्हणजे फायबरचे इंटरनेट आले आहे आणि कष्टकऱ्यांची घरेही ते घेतात. हौस म्हणून नव्हे. शिष्यवृत्तीचा अर्ज महाडीबीटीवर, जात पडताळणीचा अर्ज ऑनलाइन, प्रवेशाच्या याद्या ऑनलाइन. आणि घरातला चांगला मोबाइल एकच, तोही बाप कामाला निघाला की त्याच्या खिशात जातो. तेव्हा जोडणी घ्यावी लागते. तार समोरच्या खोलीत येते. राऊटर तिथेच खिळ्याला अडकवला जातो. मुले मात्र अभ्यासाला बसतात मागच्या खोलीत, आणि तिथे रेंज नसते.

का नसते? आमच्याकडे घरे तीन तऱ्हेची. जुनी माळवदाची, ज्यांच्या दगडमातीच्या भिंती हात-दीड हात जाड, पत्र्याची, आणि आता घरकुलाची, स्लॅबची. वायफायची जी लहर लांबवर जाते ती २.४ गिगाहर्ट्झची. तिची लांबी सुमारे साडेबारा सेंटिमीटर, म्हणजे अर्ध्या वितीहून थोडी जास्त. ५ गिगाहर्ट्झची लहर त्याच्या निम्म्याने आखूड. ती माहिती वेगाने नेते, पण भिंतीपाशी लवकर दम टाकते. माळवदाच्या भिंतीत दोघीही थकतात. पत्रा म्हणजे तर धातू. तो लहरीला आत शिरू न देता परत फिरवतो. लोखंडी कपाट आणि पाण्याने भरलेली टाकी हेही असेच आडवे येणारे. स्लॅबमधल्या सळया राहिल्याच. त्यामुळे दोष इंटरनेटचा नसतो, वाटेचा असतो.

येथे एक गोष्ट जाता जाता सांगितली पाहिजे. २.४ गिगाहर्ट्झचा हा पट्टा आपल्या सरकारने जानेवारी २००५ मध्ये अधिसूचना काढून ठराविक शक्तीच्या मर्यादेत परवान्यातून मुक्त केला. त्यामुळे आज कोणाच्याही दारी अर्ज न करता कोणीही आपल्या घरात वायफाय लावू शकतो. हवेतला हा सार्वजनिक पाणवठाच म्हणा ना. पाणवठा सर्वांना मोकळा असणे म्हणजे काय, हे आमच्या वाचकांना फोड करून सांगायला नको.

तर, एक्स्टेंडर हा मधला थांबा आहे. नांदेडहून निघालेली एसटी जशी बाळापूरला थांबते, माणसे उतरवते, घेते आणि पुढे कळमनुरी, हिंगोलीला जाते, तसे राऊटरकडून आलेले घ्यायचे आणि पुढे पाठवायचे, एवढेच त्याचे काम. तो स्वतः इंटरनेट तयार करत नाही. म्हणूनच जिथे रेंज अजिबात नाही तिथे तो लावून उपयोग नाही. रेंज जिथवर बरी आहे त्या मधल्या जागी तो लावायचा. साधा, स्वस्तातला एक्स्टेंडर एकाच पट्ट्यावर घेतो आणि त्याच पट्ट्यावर देतो. एकच कंडक्टर उतरवणार आणि चढवणार म्हटल्यावर वेळ दुप्पट लागणारच. म्हणून त्याच्या पलीकडे वेग साधारण निम्मा मिळतो. ही फसवणूक नव्हे, यंत्राची रीत आहे.

आता मुद्द्यावर येऊ. राऊटरशी बोलण्यासाठी एक्स्टेंडरला काही गोष्टी लक्षात ठेवाव्या लागतात. राऊटरच्या वायफायचे नाव, त्याचा पासवर्ड, स्वतःच्या वायफायचे नाव आणि त्याचा पासवर्ड, आणि त्याची स्वतःची मांडणी बदलण्यासाठी लागणारा वेगळा असा व्यवस्थापनाचा पासवर्ड. या गोष्टी तो वीज गेली तरी विसरत नाही. हे फार महत्त्वाचे आहे. पुष्कळ जण एक्स्टेंडर बोर्डातून काढतात, पुन्हा लावतात आणि म्हणतात, "आम्ही रिसेट केला, तरी होईना." ते रिसेट नव्हे. आम्ही पेशाने कारकून, म्हणून कारकुनी भाषेत सांगतो. प्लग काढून लावणे म्हणजे बाबू जेवणाच्या सुट्टीवर जाऊन आला. टेबलावरची फाइल होती तशीच आहे. रिसेट म्हणजे जुनी नोंदवही काढून कोरी नोंदवही ठेवणे. नोंदी गेल्या, पण वहीचे छापील रकाने तेच राहिले. यंत्रातले हे छापील रकाने म्हणजे त्याची मूळ आज्ञावली, जिला फर्मवेअर म्हणतात. ती टाचणी टोचल्याने पुसली जात नाही. मागे कधी तिची सुधारलेली आवृत्ती भरली असेल तर सामान्यतः तीच राहते. पुसली जाते ती आपली लिहिलेली मांडणी, आणि तिच्या जागी कारखान्यातून निघतानाची मांडणी येते.

मग हे करण्याची पाळी केव्हा येते? आमच्याच वाड्यातले उदाहरण देतो. आमचे घर पुढे, थोरल्या बंधूंचे माळवदाचे घर मागे, मध्ये अंगण. २०२३ साली वायफाय घेतले तेव्हा जोडणी देणाऱ्यांच्या मुलानेच मधल्या दाराजवळ एक्स्टेंडर लावून दिला. मुलगा कामाला चांगला होता. पण एक्स्टेंडरचा व्यवस्थापनाचा पासवर्ड त्याने आपल्या मनाने ठरवला, आपल्या मोबाइलवर लिहून घेतला, आणि काही महिन्यांनी तो पुण्याला दुसऱ्या कामाला लागला. आमच्या घराचा पासवर्ड त्याच्याबरोबर पुण्याला गेला. चालू होते तोवर त्याची कोणाला आठवण आली नाही.

२०२५ च्या जुलैमध्ये एका रात्री वीज कडाडली आणि राऊटर जळाला. दुसऱ्या दिवशी नवा राऊटर आला, नव्या नावाचा, नव्या पासवर्डचा. समोरच्या खोलीत सगळे सुरळीत. मागच्या घरात मात्र एक्स्टेंडरवर लाल दिवा. तो बिचारा जुन्या राऊटरला नाव घेऊन हाका मारत होता. राऊटर गेल्याचे त्याला कोण सांगणार? सांगायचे तर त्याच्या आत शिरावे लागते, आणि आत शिरायचा पासवर्ड पुण्यात. फोन केला तर नव्या माणसाने विचारपूस न करताच निकाल दिला, "साहेब, एक्स्टेंडर गेला. नवा घ्या, दोन हजार लागतील." दोन हजार म्हणजे आमच्या बंधूंची चार दिवसांची मजुरी. ते गवंड्याच्या हाताखाली काम करतात.

मागच्या खोलीत जुना संगणक आहे आणि आमची पुतणी त्यावर बसते. ती त्या वर्षी बारावी झाली. नर्सिंगच्या प्रवेशाचा पसंतीक्रम भरण्याचे ते दिवस होते. राऊटरपाशी उभे राहून मोबाइलवर तो भरता आला असता, नाही असे नाही. पण कुठले महाविद्यालय वर, कुठले खाली, वसतिगृह कुठे आहे, फी किती, हे सगळे एका बोटाएवढ्या पडद्यावर पाहून आयुष्याची चार वर्षे ठरवायची, हे आम्हाला पटत नव्हते. तिलाही पटत नव्हते. तिने एक्स्टेंडर काढून उलटा केला, छिद्र पाहिले आणि म्हणाली, "काका, टाचणी आहे का?"

मग घरात जे झाले ते प्रत्येक घरात होते. बंधू म्हणाले, "थांब, उगी दोन हजारांचा खुर्दा करशील." वहिनींना वाटले की संगणकावरचे फोटो आणि मार्कमेमोच्या प्रती जातील. आमच्या वृद्ध चुलतीबाई ओट्यावर बसल्या होत्या. त्यांना महिन्याचे दीड हजार रुपये निराधार योजनेचे मिळतात. आमच्याकडे त्याला पगारच म्हणतात. त्यांनी आम्हाला जवळ बोलावले आणि हळूच विचारले, "बापू, पोरगी काय पुसायली? माझ्या पगाराचं तर काई होणार नाही ना?"

पुतणी हसली नाही, हे आम्हाला आवडले. ती म्हणाली, "आज्जे, तुझा पगार बँकेत आहे. ह्या डबीला तुझं नावसुद्धा माहीत नाही. हिला फक्त आपल्या जुन्या राऊटरचं नाव माहीत आहे, तेवढंच हिला विसरायला लावायचं."

वाचकहो, चुलतीबाईंचा प्रश्न वेडा नव्हता. ज्यांचा अंगठा यंत्रावर उमटला नाही म्हणून पैसे अडकतात, नावातले एक अक्षर चुकले म्हणून महिनोन्महिने हेलपाटे पडतात, त्यांनी कुठल्याही डबीला भ्यावे अशीच आजची रीत आहे. तेव्हा भिणाऱ्याला हसू नये. काय जाते आणि काय जात नाही ते सांगावे. एक्स्टेंडर रिसेट केल्याने मोबाइलमधले फोटो जात नाहीत, संगणकातल्या फाइल जात नाहीत, बँकेचे, गॅसचे, रेशनचे काही जात नाही, भरलेला अर्ज जात नाही, रिचार्ज संपत नाही. राऊटरमधलेही काही जात नाही. जाते ते फक्त त्या एका डबीतले.

मात्र लोकांची भीती अगदीच निराधार आहे असेही नाही. ती चुकीच्या डबीवर बसली आहे, एवढेच. असेच एक छिद्र राऊटरलाही असते. ज्या डबीत बाहेरून काचेची बारीक तार येते ती डबी आणि एक्स्टेंडर या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. त्या तारेच्या डबीत कंपनीने आपल्या खात्याचे नाव, पासवर्ड आणि इतर मांडणी भरलेली असू शकते. ती पुसली तर घराचे इंटरनेटच बंद पडते आणि कंपनीचा माणूस येईपर्यंत हात चोळत बसावे लागते. तेव्हा ओळख साधी ठेवा. जी डबी थेट बोर्डाच्या सॉकेटमध्ये बसते आणि जिला बाहेरून कुठलीही तार येत नाही, ती बहुधा एक्स्टेंडर. तार येते तिला टाचणी लावू नये.

आणि टाचणी हातात घेण्यापूर्वी एक तपासणी अवश्य करावी. मोबाइल घेऊन राऊटरच्या अगदी जवळ जावे. तिथेही इंटरनेट चालत नसेल तर एक्स्टेंडर निर्दोष आहे. रिचार्ज, बाहेरची तार किंवा राऊटर यांच्याकडे पाहावे. एक्स्टेंडरवर एकही दिवा लागत नसेल तर दुसऱ्या सॉकेटमध्ये लावून पाहावा. वीजच पोचत नसेल तर रिसेटने काय होणार? राऊटरपाशी चालते, एक्स्टेंडरचे दिवे लागतात, पण त्याच्याकडून इंटरनेट येत नाही, आणि मध्यंतरी राऊटर किंवा त्याचा पासवर्ड बदललेला आहे, किंवा एक्स्टेंडरचा पासवर्ड कोणालाच आठवत नाही, असे असेल तरच हा उपाय.

आमच्या घरी तो असा झाला. एक्स्टेंडर आधी समोरच्या खोलीत, राऊटरच्याच भिंतीवर लावला. हे मुद्दाम, मांडणी जवळ करायची आणि मग डबी तिच्या जागी न्यायची, म्हणजे कमी रेंजचा घोळ मध्ये येत नाही. वीज चालू ठेवली. वीज बंद असताना छिद्रात कितीही टोचले तरी उपयोग नाही, हे पुष्कळांना ठाऊक नसते. दिवे स्थिर होईपर्यंत मिनिट-दोन मिनिटे थांबलो. मग पुतणीने टाचणी सरळ आत घातली. आत एक बारीक बटण असते. ते दबले की बोटाला 'टिक' असे जाणवते. जोर करायचा नाही. आगपेटीची काडी तर मुळीच घालायची नाही, ती आत मोडते. मोबाइलचे सिमकार्ड काढायची पिन सर्वांत चांगली, पण ती ऐन वेळी सापडते कुठे?

किती वेळ दाबायचे, हा प्रश्न येतो. कोणत्या डबीला एक-दोन सेकंद पुरतात, कोणाला दहा लागतात. घड्याळापेक्षा दिव्यांकडे पाहावे. सगळे दिवे एकदम विझले किंवा लुकलुकू लागले की सोडावे. त्यानंतरची दोन मिनिटे डबीला हात लावायचा नाही, प्लग काढायचा नाही; ती आतल्या आत आपली मांडणी बदलत असते. आमच्याकडे भारनियमनाची वेळ कोणाला पाठ नसते? ती पाहूनच हे काम काढावे.

दिवे पुन्हा लागले. आता मोबाइलच्या वायफायच्या यादीत एक्स्टेंडर स्वतःच्या कारखान्यातल्या नावाने दिसू लागला. टीपी-लिंकची डबी असेल तर 'टीपी-लिंक एक्स्टेंडर' अशासारखे नाव असते, नेटगिअरची असेल तर 'नेटगिअर ईएक्सटी' असे. या वेळी त्याला बहुधा पासवर्डच नसतो. पुतणीने मोबाइलचा डेटा बंद केला. ही पायरी छोटी, पण निम्मे लोक येथेच अडतात. एक्स्टेंडरला अजून इंटरनेट मिळालेले नसते, म्हणून मोबाइल त्याला सोडून आपल्या सिमच्या डेटाकडे पळतो आणि मांडणीचे पान उघडत नाही. 'या वायफायला इंटरनेट नाही, तरी जोडून राहायचे का?' असे मोबाइलने विचारले तर 'हो' म्हणायचे. पुढे डबीच्या पाठीवरच्या चिठ्ठीत छापलेला पत्ता ब्राउझरमध्ये जसाच्या तसा टाकायचा. पान उघडले. प्रथम त्याने नवा व्यवस्थापनाचा पासवर्ड ठरवायला सांगितले. मग आजूबाजूच्या वायफायची यादी दाखवली. त्यातून आपल्या नव्या राऊटरचे नाव निवडले, त्याचा पासवर्ड भरला, एक्स्टेंडरचे नाव ठरवले. झाले. टाचणी टोचल्यापासून पंधरा मिनिटेही लागली नाहीत. लाल दिव्याचा हिरवा दिवा झाला तेव्हा बंधू काही बोलले नाहीत, उठून डबी मधल्या दाराजवळ नेऊन लावली.

ज्यांच्या राऊटरवर आणि एक्स्टेंडरवर 'डब्ल्यूपीएस' असे बटण आहे त्यांना रिसेटनंतर एवढेही करावे लागत नाही. आधी राऊटरचे बटण दाबायचे, मग दोन मिनिटांच्या आत एक्स्टेंडरचे. दोघे आपापसात बोलून जुळतात. पण मग व्यवस्थापनाचा पासवर्ड कारखान्यातलाच राहण्याचा संभव असतो, आणि ते बरे नाही.

का बरे नाही, ते सांगतो. जुन्या धाटणीच्या पुष्कळ यंत्रांना कारखान्यातून एकच पासवर्ड असे, बहुधा 'अॅडमिन'. म्हणजे एका कंपनीच्या हजारो घरांच्या कुलपांना एकच किल्ली. २०१६ साली 'मिराई' नावाच्या एका प्रोग्रॅमने याचाच फायदा घेतला. त्याच्याकडे असे साठेक ठरलेले पासवर्ड होते. ते लावून लावून त्याने जगभरातल्या घरांतले कॅमेरे आणि राऊटर ताब्यात घेतले. २१ ऑक्टोबर २०१६ रोजी अशाच यंत्रांच्या फौजेने अमेरिकेतल्या डिन या कंपनीवर हल्ला चढवला, आणि ट्विटर, नेटफ्लिक्स यांसारखी मोठमोठी संकेतस्थळे काही तास असंख्य लोकांना उघडेनात. ज्यांच्या घरचे कॅमेरे या फौजेत होते त्यांना पत्ताही नव्हता. तो प्रोग्रॅम लिहिणाऱ्या तीन अमेरिकन तरुणांनी २०१७ च्या डिसेंबरात गुन्हा कबूल केला. पुढे ब्रिटनने कायदाच केला. २९ एप्रिल २०२४ पासून तिथे घरगुती यंत्रे अशा एकसारख्या, सहज ओळखता येणाऱ्या पासवर्डने विकता येत नाहीत. रिसेट केल्यावर यंत्र पुन्हा त्या कारखान्यातल्या किल्लीवर येते. म्हणून रिसेट करून डबी तशीच लावून ठेवणे म्हणजे कुलूप उघडून दार लोटून घेणे. नवा पासवर्ड त्याच बैठकीत घालावा.

याच्या उलटही सांगितले पाहिजे. आपण जुना एक्स्टेंडर कोणाला देतो, विकतो, किंवा अभ्यासिकेला देणगी म्हणून देतो, तेव्हा तो रिसेट न करता देऊ नये. त्याच्या आत आपल्या घराच्या वायफायचे नाव आणि पासवर्ड आहे. घेणारा जवळपास राहत असेल आणि त्याने ती डबी नुसती सॉकेटमध्ये लावली, तर ती पासवर्ड न विचारता आपल्या राऊटरला जाऊन चिकटते. घेणारा भला माणूस असेलही. पण त्याच्याकडून ती आणखी कोणाकडे जाईल, याचा हिशोब कोण ठेवणार? इंटरनेट ज्याच्या नावावर, चौकशी प्रथम त्याच्या दारात येते. आपल्या घरांना अशा चौकशीची झळ इतरांपेक्षा जरा जास्तच लागते, हे अनुभवी वाचक जाणतात.

आईबापांसाठी एक गोष्ट. रात्री अकरानंतर मुलांचे मोबाइल बंद राहावेत म्हणून काही जण एक्स्टेंडरमध्येच वेळेचे बंधन घालतात. ते बंधनही टाचणीने पुसले जाते, आणि मुलांना हे आपल्याआधी कळते. बंधन घालायचेच असेल तर राऊटरमध्ये घालावे. त्याहून बरे म्हणजे मुलाशी बोलावे. बारा वर्षांच्या मुलाला टाचणी कुठे ठेवली आहे हे माहीत असते, हे धरूनच संसार करावा लागतो.

आता पासवर्ड कोणाजवळ असावा? आम्ही बरीच घरे पाहिली. बहुतेक घरांत तो कर्त्या पुरुषाच्या डोक्यात असतो, नाहीतर बसवून देणाऱ्याच्या मोबाइलमध्ये. बाईला विचारले तर म्हणते, "त्यांना माहीत." मुलीला विचारले तर म्हणते, "दादाला माहीत." पैसे सगळ्यांच्या घामाचे, अभ्यास मुलीचा, आणि किल्ली मात्र कामावर गेलेल्या माणसाजवळ. काही घरांत तर मुलीने अभ्यासाला पासवर्ड मागितला तर भाऊ 'कशाला पाहिजे' म्हणून उलटतपासणी घेतो, आणि स्वतः मात्र रात्रभर रील्स पाहतो. हे चालू देऊ नये, असे आमचे स्पष्ट मत आहे. घरातल्या ज्या व्यक्तीला त्याचे सर्वांत जास्त काम आहे तिच्या हाती तो असावा. आमच्या वाड्यात तेव्हापासून व्यवस्थापनाचा पासवर्ड पुतणीने ठरवलेला आहे; तो वहिनींनाही येतो.

एक्स्टेंडरच्या वायफायला नाव काय द्यावे यावरून मात्र त्या दिवशी वाद झाला. धाकट्याला क्रिकेटवाल्याचे नाव हवे होते. बंधूंचे म्हणणे, घराण्याचे आडनाव द्या. पुतणी म्हणाली, नावावरून घर ओळखू येऊ नये, आणि तिने 'मधले दार' असे नाव घातले. मोबाइलमधून जुने वायफाय 'विसरा' असे दाबून काढून टाकायला तिने सगळ्यांना लावले. नाहीतर मोबाइलही जुन्या नावाला हाका मारत बसतो.

त्या दुपारी तिने संगणकावर पसंतीक्रम भरला. भरताना वहिनी शेजारी बसल्या होत्या, आणि कुठल्या गावाला एसटी थेट जाते हे त्या सांगत होत्या. छापील प्रत काढायला ती सेवा केंद्रात गेली. चुलतीबाईंनी महिना संपल्यावर पासबुक भरून आणले, पगार जमा होता. त्यांनी ते पान आम्हाला दाखवले, तोंडाने काही म्हणाल्या नाहीत.

वहिनींनी शंभर पानी वही केली आहे. पहिल्या पानावर राऊटरचे नाव आणि पासवर्ड, दुसऱ्यावर एक्स्टेंडरचे, कोणत्या तारखेला काय बदलले ते, डबीच्या पाठीवरची चिठ्ठी उतरून घेतलेली, आणि कंपनीच्या ग्राहक सेवेचा नंबर. वही रेशनकार्डाच्या पिशवीत असते. टाचणी तिच्या पुठ्ठ्याला टोचून ठेवली आहे.